बस्त्यावच्या दंडावरच्या गाठी

बस्त्यावच्या डाव्या दंडावर तांबूस गाठींचा एक पुंजका होता. काही मसुरीएवढ्या, काही वाटाण्याएवढ्या, एकमेकींना खेटून बसलेल्या. उत्तनच्या किनाऱ्यावर कोणालाही विचारले असते, तर त्याने बिनदिक्कत सांगितले असते की बस्त्यावला जेलीमासा डसला आणि डंख आत राहिला. कधी डसला, कोणी पाहिले, हे मात्र कोणी विचारीत नसे. बस्त्यावलाही असा दिवस आठवत नव्हता. पण डोलीच्या, म्हणजे समुद्रात खुंटांना बांधलेल्या पिशवीसारख्या, जाळ्यात बोंबलांबरोबर ती पिळपिळीत, पारदर्शक जनावरे हमखास येत. त्यांतले एखादे डसले असेलच, असे तोही मानू लागला होता.

डंखावरचा उपाय पिढीजात होता: जागा समुद्राच्याच पाण्याने भिजवायची, गोडे पाणी लागू द्यायचे नाही. ताज्या डंखाला तो लागूही पडे. म्हणून १९३८च्या हिवाळ्यात थोरला भाऊ दुमिंग, जो बोटीचा तांडेल, म्हणजे प्रमुख, होता, रोज पहाटे बस्त्यावच्या दंडाला खाऱ्या पाण्यातले ओले फडके बांधी. त्यावर वारा लागला की गाठी जाग्या होत. आधी चुणचुण, मग कोणी चिमट्यात धरून पिळावे तशी कळ. ती खांद्यापर्यंत चढे आणि मूठ आपोआप उघडे.

अशाच एका पहाटे जाळे ओढताना दोर त्याच्या हातातून निसटला. सगळा भार मागे दोर धरलेल्या खलाशी पास्कूवर आला आणि त्याच्या तळहाताचे सालटे निघाले.

"दोर का सोरलास?" दुमिंग ओरडला.

"कळ आली."

"आन् काल उन्हात जाळं विणत बसला व्हतास, तवा न्हाय आली? तुझी कळ शानी हाय रे, काम बघून येते!"

बोटीवर हशा पिकला. पास्कू तेवढा हसला नाही. दोरावरची पहिली जागा दोघा भावांच्या बापाची; तांडेल झाल्यावर दुमिंगने ती धाकट्या बस्त्यावला दिली होती. ती गेली की बस्त्याव भावाच्या बोटीवर सांगकाम्या उरणार होता.

"नाताळपर्यंत बघतो," दुमिंग म्हणाला. "मग तुझ्या जागी पास्कू."

त्यातच विहिरीवर बायका महारोगाची कुजबुज करू लागल्या. ती ऐकून बस्त्यावची बायको फिलू घरी आली, घागर आपटली आणि म्हणाली, "आता फडकी बास. मुंबईला चल."

मुंबईच्या डॉक्टरांनी प्रथम गाठींवर सुई टोचली. बस्त्याव बाकावरून उडालाच.

"महारोग नाही," ते म्हणाले. "त्यात सुई कळत नाही. तुम्हाला जरा जास्तच कळते. घरात आणखी कोणाला होते असे?"

"बापाला. ह्याच दंडावर. पण त्याला जेली डसली व्हती."

"आणि तुम्हालाही?"

"हां."

"बापलेकांना नेमके एकाच ठिकाणी?"

हा प्रश्न इतक्या वर्षांत कोणीच कसा विचारला नाही, याचा बस्त्यावला राग आला, स्वतःचाही आला.

एक गाठ काढून तपासायला पाठवली गेली. पुढच्या खेपेला डॉक्टरांनी समजावले, "थंडीने अंगावर काटा येतो ना? केसाच्या मुळाशी एक इवलासा स्नायू असतो, तो आवळतो म्हणून. त्याच स्नायूंच्या ह्या गाठी; बापाकडून तुमच्यात उतरल्या असाव्यात. थंडी लागली की आवळतात. निरुपद्रवी आहेत."

"निरुपद्रवी म्हंजे?"

"जिवाला धोका नाही."

"मग कापून टाका ना सगळ्या."

"इतक्या कापल्या तरी पुन्हा येण्याचा संभव. त्यापेक्षा ऊब धरा. गार पाण्यापासून, वाऱ्यापासून लांब राहा."

"डागतर, मी कोळी हाय."

डॉक्टरांनी पुढच्या रोग्याला हाक मारली.

घरी येऊन त्याने दुमिंगला सारे सांगितले: केस, स्नायू, काटा. दुमिंगने शेवटपर्यंत ऐकून घेतले. "म्हंजे अंगावर काटा येतो म्हणून दोर सोरतोस? काटा मला पन येतो, बाबा!"

"निदान फडकं बांधू नको. गारठ्यानंच दुखतं ते."

"बरं, नको. डागतरच मोठा तुझा."

फिलूने त्याला जुना लोकरी कोट दिला. दोन पहाटे दंड शांत राहिला. बस्त्याव पहिल्या जागेवर उभा राहून असा ओढत होता की पास्कूला त्याच्याशी मेळ राखता येईना. तिसऱ्या पहाटे लाट अंगावर आली, कोट चिंब झाला आणि ओल्या लोकरीने थंडी कातडीला धरूनच ठेवली. त्याने दोर मनगटाला गुंडाळला, दात आवळले. तरी मूठ उघडलीच. दुमिंग या वेळी ओरडला नाही. त्याने पास्कूला मानेने खूण केली आणि पास्कू पुढे सरकला.

नाताळानंतर बस्त्याव किनाऱ्यावर बायकांबरोबर बोंबील वाळत घालू लागला. ऊन चढलेले असे. बांबूंवर हात उंचावून तो दोन-दोन बोंबील तोंडात तोंड अडकवून टांगी. हात झरझर चालत आणि दंड मुळीच कुरकुरत नसे.

"काय रे बस्त्याव, आता दुखतं का?" शेजारच्या रांगेतून कार्मिन मावशीने विचारले.

जवळच बोंबील टांगणाऱ्या फिलूने त्याच्याकडे चमकून पाहिले. दुखते म्हणाला असता, तर सोंगाडा ठरला नसता, निदान मान राहिला असता.

"न्हाय," तो म्हणाला.

मावशीने बाकीच्या बायकांकडे पाहून भुवया उडवल्या. बस्त्यावने हातातला बोंबील इतक्या जोराने टांगला की त्याचा जबडाच फाटला.