भरतीचं घड्याळ आणि काळाच्या चाकुल्या

काळ वाहतो असं लोक म्हणतात, ते खोटं आहे. काळ वाहत नाही, तो ढकलला जातो. त्याला ढकलणाऱ्या बारीक दातेरी चाकुल्या असतात, रव्याच्या कणाहून बारीक, आणि त्या प्रत्येक वस्तूत असतात. आंबा पिकतो तो त्यांच्यामुळे, केस पांढरे होतात ते त्यांच्यामुळेच. सुखात त्यांना तेल मिळतं, म्हणून दिवस भुर्रकन जातो. दुःखात त्या गंजतात. हे मी विशीतच शोधून काढलं. त्यावर आजवर लोक हसले, पण मला खोटं कुणी पाडलेलं नाही.

एकोणीसशे तिसाचं साल उजाडायच्या आधीची गोष्ट. मी मुंबईत घड्याळं दुरुस्त करणाऱ्याच्या हाताखाली होतो. घरी, अलिबागजवळच्या थळला, आई आणि थोरला भाऊ, आमचा दादूस. आम्ही जातीचे कोळी, पण मला दर्यापेक्षा डोळ्याला लावायची काच प्यारी. आमच्या होडीवर घराची चूल चालायची आणि ती होडी एकटा दादूस हाकायचा.

भरती कधी, हे आई बोटांवर सांगायची. तिथीची पाऊणपट करायची, तेवढ्या वाजता भरती पुरी. म्हणजे भरती रोज दोन घटका, पाऊण तासभर, मागे पडते. मी ताडलं की दर्याच्या चाकुल्यांचे दोन घटकांपुरते दाते झिजलेले आहेत. मग मी तसंच झिजलेलं घड्याळ बनवलं, रोज बरोबर दोन घटका मागे पडणारं. शिमग्याच्या पुनवेला भरती पुरी होताच काटे बारावर ठेवून ते मुंबईत चालू केलं, म्हणजे पुढं काटे बारावर आले की भरती पुरी; रोज चावी दिली आणि नारळी पुनवेला थळला घेऊन आलो. मधल्या पाच महिन्यांत दर्याशी ताडून पाहायची गरज मला वाटली नाही. गणित चोख होतं.

दादूसनं ते घड्याळ आळीभर मिरवलं. "माज्या भावानं दर्या डबीत भरलाय," म्हणायचा.

पुनवेनंतर दोन दिवसांनी आमची होडी पाण्यात जायची होती. फटी बुजवायचं काम लांबलं होतं, बाकीच्या होड्या केव्हाच गेल्या होत्या. आई सकाळीच सुकटीची पाटी घेऊन अलिबागच्या बाजाराला निघाली. जाता जाता म्हणाली, "आज बीज. दीडला भरती. त्याच्या आदी होडी सोडून जाव नका."

साडेअकरालाच माझ्या घड्याळाचे काटे बारावर आले, म्हणजे भरती पुरी झाली. होडी ओंडक्यांवर, टेकू काढलेले, पाणी जेमतेम नाळेला, होडीच्या पुढच्या टोकाला, लागलेलं.

"आज एवढंच," मी म्हणालो. "आता वहटी लागंल. उद्या बगू."

दादूस पाण्याकडं बघत राहिला. "पानी चढतंय रं."

"त्या नुसत्या लाटा हायत."

जन्मभर दर्यावर काढलेला माणूस. त्यानं एकदा माझ्याकडं पाहिलं, एकदा घड्याळाकडं, आणि हातातला दोर वाळूत टाकून माझ्यामागं जेवायला आला. स्वतःच्या डोळ्यांपेक्षा त्यानं मला मानलं. याची लाज मला अजून वाटते.

जेवून आम्ही पडलो. बाजारातून परतलेल्या आईच्या ओरडण्यानं जाग आली. धावत किनाऱ्यावर गेलो तर ओंडके इकडंतिकडं तरंगत होते आणि खरी ओहोटी लागून आमची होडी खांदेरीच्या बेटाच्या दिशेनं चालली होती. दादूसनं डोक्याचं फडकं फेकलं आणि उडी घेतली. श्रावणातला दर्या, तो काही कुणाचा सगा नव्हे.

आई माझ्याशेजारी उभी राहिली. "शिमग्यापास्नं आतापरत दोन-तीन तिथ्यांचा क्षय झाला," ती म्हणाली. "पंचांगातनं गेल्या त्या. तुज्या घड्यालाला कुनी सांगितलं व्हतं काय?"

नव्हतं सांगितलं. मी दिवस मोजले होते, दर्या तिथ्या मोजत होता. दादूसचं डोकं एकदा दिसलं, मग दिसेना. आईनं माझा दंड धरला होता, तिची नखं रुतली तरी ती सोडेना. होडी नुसती डुलत होती, तिच्यात कुणी नव्हतं. मला पोहता यायचं, पण पाय हलले नाहीत. त्याला काही झालं तर ते मी केलेलं असणार होतं, एवढंच डोक्यात होतं.

मग होडीच्या काठावर एक हात दिसला.

तो वल्हवत परत आला तेव्हा सुकाणू गेलं होतं आणि त्याच्या छातीला खडकांवरच्या कालवांच्या शिंपल्यांनी कापलं होतं. मी गळ्याइतक्या पाण्यात जाऊन नाळ धरली. आता तो मला बडवणार, अशी मी वाट पाहत होतो. बडवलं असतं तर बरं झालं असतं.

तो वाकला आणि दम खात म्हणाला, "बाजूला हो, चिरडशील. आनि आयेला सांगू नको पानी चढताना मी बगितलं व्हतं. सांग, दोगांनाबी कललं न्हाय."