व्हर्लाची लादी आणि अर्डिसचे हात

व्हर्ला लिंडग्रेन म्हणजे शाळेच्या स्वयंपाकघरातली बाई. उभा जन्म पोरांना मॅकरोनी वाढली आणि सुट्टीच्या दिवशी स्वतःच्या अंगाचा छळ मांडला. कधी उलट्या पावलांनी अख्ख्या तळ्याला फेरी मारली, कधी जत्रेत दिवसभर डोक्यावर शिडी घेऊन उभी राहिली. का गं, म्हटलं की म्हणायची, "अंग 'पुरे' म्हणतं ना, त्याच्या पलीकडे काय असतं ते बघायचंय." ती याला कला म्हणायची. गाव तिला ठार वेडी म्हणायचं, पण बघायला झाडून सगळे हजर!

आता आमच्या या उत्तर मिनेसोटातल्या माणसांची एक खोड आहे. कोणी कष्टात दिसलं की यांचे हात शिवशिवतात. मागच्या हिवाळ्यात व्हर्ला गोठलेल्या तळ्यावर बर्फाची लादी छातीशी कवटाळून उभी राहिली. सूर्य बुडेपर्यंत सोडायची नाही, असं ठरवून. शेजारच्या नॉर्मनला बघवेना. त्याने अलगद लादी काढून घेतली आणि वर गरम कॉफी पुढे केली. झालं! सगळी कला बोंबलली.

यंदा डॉक्टरांनी तिचे गुडघे बदलायचे ठरवले होते. म्हणजे आता ही शेवटचीच संधी. तिने धाकट्या बहिणीला, अर्डिसला, राखणीला बसवलं.

"मी पडले तरी कोणी हात लावायचा नाही. तूसुद्धा."

"आणि मेलीस तर?"

"मग लाव."

दुपारी जेवणं उरकून गाव तळ्यावर जमलं, तेव्हा व्हर्ला पुन्हा तशीच लादी कवटाळून उभी होती, सूर्य बुडेपर्यंत. नॉर्मन भाजलेल्या खिमा-बटाट्याचं वाफाळतं भांडं घेऊनच आला.

"अर्डिस, एकच घास भरवतो. तोंड तर मोकळं आहे ना तिचं?"

"मागे हो, नॉर्मन."

"बरं, मफलर तरी?"

"तुझ्याच गळ्याला आवळीन!"

बिचारा मागे झाला. ऊन कललं तसा वारा सुटला. व्हर्लाच्या पापण्यांवर पांढरं साचलं. मग तिचे गुडघे लटपटायला लागले आणि लादी बोटभर खाली घसरली.

अर्डिसचं पाऊल आपोआप उचललं गेलं. लहानपणापासून हिला पडताना तिनेच तर सावरलेलं. आत्ता दोन पावलं टाकली की लादी हातात, बहीण घरात, शेकोटीपाशी. व्हर्लाने तिच्याकडे बघितलं नुसतं. अर्डिसने दोन्ही हात काखेत घट्ट दाबले आणि जागची हलली नाही. तिच्यामागे सगळं गाव तसंच, श्वास धरून. मदत न करणं त्या माणसांना कधी ठाऊकच नव्हतं हो!

आणि व्हर्लाने, देव जाणे कुठून, मांडी पुढे करून लादी पुन्हा वर घेतली. चेहरा असा झाला होता की नॉर्मनने त्या थंडीत डोक्यावरची टोपी काढली.

सूर्य झाडांमागे गेला. एकेक गुडघा टेकत व्हर्लाने लादी खाली ठेवली, झोपलेलं मूल ठेवावं तशी. टाळी वाजवायचं कोणाला सुचलंच नाही.

अर्डिस धावली.

"आता लावू का हात?"

"लाव. माझ्यापेक्षा तूच जास्त थरथरत होतीस."

"गप्प बस, मेले," अर्डिस म्हणाली आणि तिला अशी मिठी मारली की सोडवायला नॉर्मनलाच यावं लागलं.