पणजोबांची न उपसलेली तलवार

बाबांनी क्रिकेटच्या किटबॅगेत तलवार घालून ती जर्मनीत आणली, तेव्हाच मला घाम फुटला होता. "अहो बाबा, हे काय पुणे आहे का? इथे कुणाच्या हातात सुरी दिसली तरी लोक पोलीस बोलावतात!" मी एअरपोर्टवरच ओरडलो. बाबा म्हणाले, "मुंबईला मशीनमधून गेली. त्या माणसाने मानसुद्धा वर केली नाही. तू कशाला बोंबलतोस?"

ती तलवार बाबांच्या पणजोबांची. इंग्रजांच्या घोडदळात ते साधे स्वार होते. आई गेल्यावर बाबांनी घर आवरलं, तेव्हा सगळा पसारा भंगारवाल्याला दिला, पण तलवार ठेवली. आमच्याकडे खंडेनवमीला पाटावर ती तलवार आणि शेजारी स्वयंपाकघरातली जुनी विळी मांडायची पद्धत. पणजोबांचा दंडकच होता तसा. कुंकू आधी विळीला, मग तलवारीला. आणि तलवार म्यानातून उपसायची नाही. उपसली की ती रक्त मागते म्हणे. लहानपणी हे ऐकून मी पलंगाखाली लपायचो.

मी स्टुटगार्टच्या त्सुफेनहाउझेन उपनगरात राहतो, इंजिनांच्या टेस्टिंगमध्ये काम करतो. इथल्या मराठी मंडळाचा दसरा यंदा हायडेलबर्गला, नेमका नवमीच्याच दिवशी होता. लेकीच्या नाचाची तालीम म्हणून बायको तिला घेऊन सकाळीच गाडीने गेली. "तलवार माझ्याकडे द्या, डिकीत ठेवते," ती म्हणाली होती. पण बाबांना घरची पूजा झाल्याशिवाय तलवार उंबऱ्याबाहेर न्यायची नव्हती. विळी नव्हती, म्हणून त्यांनी माझ्या टॉर्क रेंचला, म्हणजे नट आवळायच्या पान्याला, कुंकू लावलं. मग आम्ही दोघं आणि किटबॅग एसबानने, म्हणजे इथल्या लोकलने, स्टुटगार्टच्या मोठ्या स्टेशनवर उतरलो. बॅग मी मागितली तर दिली नाही. ती ते कुणालाच धरू देत नसत.

प्लॅटफॉर्मकडे वळतोय तोच दोन पोलीस समोर. एक बाई, एक तरुण. तपासणी चालली होती. बाईंनी विचारलं, "बॅगेत काय आहे?" खोटं बोलायचं म्हटलं तरी मला जमत नाही. "साबेल," मी म्हणालो. तलवारीला जर्मनमध्ये हेच म्हणतात. तरुण पोलीस एक पाऊल मागे सरला आणि त्याचा हात कमरेकडे गेला. आजूबाजूची माणसं थांबून बघायला लागली. बाबा बॅग छातीशी धरून उभे, आणि बाई त्यांना जर्मनमध्ये सांगतायत की हळूच खाली ठेवा. "बाबा, ठेवा! आधी ठेवा ती खाली!" मी अक्षरशः किंचाळलो.

आम्हाला एका छोट्या खोलीत नेलं. टेबलावर तलवार. बाईंनी स्वच्छ सांगितलं, पातं असलेलं हत्यार स्टेशनवर असं नेता येत नाही, त्या ते जप्त करणार. परत मिळेल की नाही, ते वरची कचेरी ठरवेल. मी बाबांना सांगितलं. त्यांचा चेहरा असा पडला की मला माझाच राग आला. टॅक्सी का नाही केली मी?

"त्यांना सांग, ही कुणाची आहे ते," बाबा म्हणाले. "सगळं सांग."

मग बाबा बोलत गेले आणि मी जर्मन करत गेलो. पणजोबा मिसरूड फुटायच्या आधी रिसाल्यात गेले. तेव्हा स्वाराने घोडा आणि तलवार स्वतःची आणायची. यांच्याकडे घोडा कुठला? म्हणून वर्षानुवर्षं दुसऱ्याच्या घोड्यावर बसले. आधी घोड्याला चंदी, मग स्वतःची भाकरी. शेवटी एक घोडी स्वतःची झाली, ती सरहद्दीवर थंडीने मेली. तिचं खोगीर डोक्यावर घेऊन ते छावणीत परत आले. पुढे पायात गोळी लागली, पेन्शन मिळाली. तलवार स्वतःची होती म्हणून ती घरी आली.

"गावाला वाटलं, आता हे मिशा पिळत लढाया सांगणार," बाबा म्हणाले. "एक अक्षर बोलले नाहीत. लंगड्या पायाने शेतावर जाता येईना. लोहाराकडून एक विळी करवून घेतली आणि रोज बायकोला भाजी चिरून द्यायला बसायचे. गाव दारातून हाका मारायचं, काय रिसालदार, आज कुणाची मुंडी उडवली?"

हे सांगताना मला हसू आलं. पोलीसबाई हसल्या नाहीत. "पातं मोजावं लागेल. बाहेर काढा," त्या म्हणाल्या.

"नाही," बाबा मराठीत म्हणाले, पण ते त्यांना बरोबर समजलं. "त्यांना सांग, उपसली की ती रक्त मागते."

"बाबा, हे मी इथे अजिबात सांगणार नाही!"

बाबांनी मुठीवर हात ठेवला. तरुण पोलीस खुर्चीवरून उठला. तो हात कुणी धरेल या भीतीने मी मध्ये पडलो. "बाबा, पाया पडतो तुमच्या, सोडा." त्यांनी सोडला. बाईंनी हातमोजे चढवले, म्यान घट्ट धरलं आणि मूठ ओढली. म्यानाच्या तोंडाशी भरलेली जुनी लाख कडकन तुटली.

मुठीला जेमतेम चार बोटं पातं होतं. पुढे काहीच नाही. टोक सरळ कापून कानशीने घासलेलं. बाईंनी म्यान उलटं केलं, तर टेबलावर थोडा भुसा पडला. त्यांनी पट्टी लावली, सहकाऱ्याशी काहीतरी बोलल्या आणि म्हणाल्या, "हे घेऊन जा. यात हत्यार असं काही नाही."

मला इतकं हायसं वाटलं की मी दोनदोनदा डांके म्हणून आभार मानले. सुटलो बुवा! बाबा मात्र त्या तुकड्यावरून अंगठा फिरवत होते. पात्याच्या मधोमध एक उभी खाच होती.

"आपल्या विळीच्या पात्याला अशीच खाच होती ना रे?"

होती. आई कायम कुरकुरायची, नारळ खवला की खोबरं खाचेत अडकतं म्हणून. दुसरी विळी आणायची म्हटलं की आजी तिला आणू देत नसे.

आम्ही प्लॅटफॉर्मवर येऊन बाकावर बसलो. हायडेलबर्गची गाडी लागलेली होती. बाबा उठेनात.

"पिढ्यान्‌पिढ्या ती विळी होऊन घरात होती. आधी तिची पूजा करा म्हणून सांगून गेला तो माणूस," ते म्हणाले. "आणि मी ती भंगारात घातली. म्यान ठेवलं सांभाळून."

गाडीची शिट्टी झाली तसा मी त्यांना दंडाला धरून उठवलं. त्यांनी किटबॅग माझ्या हातात दिली आणि मागे न बघता डब्यात चढले.