समोरच्याचं वाक्य

संहिता हातात पडली की आमच्या ग्रुपमधला प्रत्येक जण आधी आपली वाक्यं किती आहेत ते बघतो. नाही म्हणणारा खोटं बोलतो. पुढची तऱ्हा मात्र ज्याची त्याची. मुलाचं काम करणारा मुंबईकर आपल्या ओळी पिवळ्या मार्करने रंगवतो आणि उरलेलं नाटक शेजाऱ्याचं असल्यासारखं सोडून देतो. सुनेचं काम करणारी आपली वाक्यं फोनवर टाइप करून मेट्रोत उभ्याने पुटपुटते. लोक घाबरून जागा देतात, असं तीच सांगते. दिग्दर्शक नागपूरचा. त्याचा नियम असा, की सुरुवातीचे काही आठवडे कोणी उभं राहायचं नाही. जे. पी. नगरमधल्या आमच्या सोसायटीच्या हॉलमध्ये गोल बसायचं आणि नुसतं वाचायचं. कोणी आवाज चढवला की तो म्हणतो, "अभिनय नको रे भाऊ, आधी काय लिहिलंय ते तर कळू दे."

मी प्रॉम्प्टर. माझी संहिता सगळ्यांत मळकी. कोण कुठे अडतो, कोण कुठला शब्द गिळतो, याच्या पेन्सिलीने केलेल्या खुणा. दिवसा मी यशवंतपूरच्या एका कारखान्यात खरेदी बघते. कुठला माल कुठे अडकणार हे आधी ओळखायची सवय आहे, ती इथेही उपयोगी पडते.

आईचं काम करणाऱ्या अक्का इथल्याच, बसवनगुडीच्या. त्यांचे पूर्वज इकडे कधी आले ते त्यांनाही नीट सांगता येत नाही. घरात मराठी, शाळा सगळी कानडीत. देवनागरी त्या वाचतात, पण अक्षराला अक्षर जोडत. म्हणून त्या आधी नाटक कोणाकडून तरी वाचून घेतात आणि स्वतःच्या हाताने कानडी लिपीत उतरवतात. फक्त आपलं काम नाही, अख्खं नाटक. एकदा मी म्हटलं, "अक्का, तुमच्यापुरतं लिहा ना, हात मोडेल."

"माझंच लिहिलं तर बोलू कोणाशी गं?" त्या म्हणाल्या.

मग घरी त्या ते यजमानांबरोबर वाचायच्या. आम्ही त्यांना अण्णा म्हणतो. बँकेतून निवृत्त, खणखणीत आवाज. नाटकातला सासरा असो की नवी नवरी, अण्णा सगळ्यांची वाक्यं कर्ज नामंजूर करण्याच्या सुरात वाचायचे, असं अक्काच हसत सांगायच्या. मागच्या वर्षी अण्णांना अर्धांगवायूचा झटका आला. उजवा हात गेला आणि बोलणं गेलं. तालमीला आल्यावर कोणी विचारलं की अक्का म्हणायच्या, "आहेत की. बरे आहेत." त्यापुढे कोणी विचारलं नाही.

त्यानंतर बसवलेल्या नाटकात अक्का आई होत्या. मुलगा घर विकायला निघालेला, आई नको म्हणते. दुसऱ्या अंकात दोघांचं कडाक्याचं भांडण. वाचनात सगळं ठीक होतं, कारण वाचताना सगळेच सावकाश असतात. उभं राहिल्यावर घोळ सुरू झाला. मुलाचं वाक्य संपायचं आणि अक्का थांबायच्या. भांडणात असं थांबलं तर भांडण मरतं.

"अक्का, तो बोलून, चहा पिऊन परत आला तरी तुमचं वाक्य येत नाही," दिग्दर्शक म्हणाला.

"पिऊ दे की. माझ्यासाठी पण एक सांग म्हणावं."

सगळे हसले. पुढच्या खेपेला पुन्हा तेच.

मी काही दिवस संहिता मिटून नुसतं त्यांच्याकडे बघितलं. वाक्य विसरलेल्या माणसाचे डोळे वर जातात. अक्कांचे डोळे खाली असायचे, बसलेल्या माणसाच्या मांडीच्या उंचीवर कुठेतरी. आणि त्यांचं थांबणं सारखं नव्हतं. मुलाचं वाक्य लहान असलं तर त्या थोडं थांबायच्या, लांब असलं तर बराच वेळ. जणू तो बोलून झाल्यावर तेच वाक्य आणखी कोणी तरी बोलतंय आणि त्या ते ऐकून घेतायत.

गुरुवारी ऑफिसातून थेट त्यांच्या घरी गेले. दार उघडंच होतं. अण्णा खिडकीजवळच्या खुर्चीत बसले होते. मांडीवर परीक्षेला नेतात तसलं पॅड, त्याला अक्कांनी लिहिलेले कागद लावलेले. समोर स्टुलावर अक्का.

"ये. बस. स्वल्प गप्प बस," त्या म्हणाल्या.

भांडणाचाच प्रवेश चालला होता. अक्का आपलं वाक्य ओरडल्या. मग शांतता. अण्णांचे डोळे कागदावर डावीकडून उजवीकडे सरकत होते, मुलाचं वाक्य ते मनात वाचत होते. बाहेर एक रिक्षा मागे घेतली गेली, कोणाच्या तरी कुकरची शिट्टी झाली. मग अण्णांनी डाव्या हाताचं बोट पॅडवर एकदा आपटलं. अक्कांनी उत्तर दिलं. पुन्हा शांतता, पुन्हा बोट. एकदा बोट दोनदा वाजलं. अक्का थबकल्या, "हां, चुकलं. 'बापाने' नाही, 'वडिलांनी'," म्हणाल्या आणि वाक्य नीट म्हटलं. अख्खं भांडण असं पार पडलं. आवाज एकाचाच होता.

स्वयंपाकघरात त्या कॉफी करत असताना मी सरळ मुद्द्यावर आले. "अक्का, सगळ्यांची वाक्यं मी फोनवर बोलून देते. तुमच्या वाक्यांपुरती जागा सोडते. आठवडाभर त्यावर म्हणा, वेग येईल."

"आणि आमचे हे काय करतील?"

"ते आहेतच ना."

त्यांनी कॉफी वरून ओतली, फेस आणला, पेला वाटीत ठेवला. "आंघोळ आम्ही घालायची, भरवायचं आम्ही, गोळ्या आम्ही द्यायच्या. दिवसभर असंच. संध्याकाळी ते माझं काम करतात. तेवढंच."

मग कॉफी माझ्यापुढे सरकवत म्हणाल्या, "सरी, चालेल. दे पाठवून. दोन्ही करते."

मी रात्रीच पाठवलं. पुढच्या शनिवारी भांडण असं पेटलं की मुंबईकर एक पाऊल मागे सरकला. दिग्दर्शकाने हात जोडले. मला माझ्या उपायाचं समाधान वाटलं, ते का लपवू.

मंगळवारी अक्कांचा फोन आला. "माझं काम दुसऱ्या कोणाला तरी दे."

"का? आता तर बसलंय."

"तिथे बसलं तर इथे घरी मोडतं. काल ते अजून वाचत होते आणि मी बोलून गेले. परवा पण. आज बोट वर धरून माझ्याकडे बघत बसले. वाजवलंच नाही." मागे मिक्सर चालू होता, तो थांबेपर्यंत त्या थांबल्या. "थांबायचं मी विसरत चाललेय. ते नको मला. पण घरी कळता कामा नये हं. त्यांच्या लेखी मीच करतेय नाटक."

मी समजूत घातली. दिग्दर्शकानेही घातली. "बेडा," एवढंच त्या म्हणत राहिल्या, नको म्हणजे नको. प्रयोग तोंडावर होता आणि सगळं नाटक पाठ असणारी ग्रुपमध्ये दुसरी एकच व्यक्ती होती. सगळ्यांनी माझ्याकडे बघितलं.

पाठ असणं आणि बोलता येणं यात किती अंतर आहे ते मला पहिल्याच तालमीत कळलं. वर्षानुवर्षं लोकांना पुढचा शब्द पुरवला होता, आता माझी वाक्यं किराण्याच्या यादीसारखी यायला लागली. अक्कांना विचारलं. त्या म्हणाल्या, "तू आपल्या वाक्याकडे बघत बसतेस. समोरच्याचं ऐक. अर्ध्यातच तुला राग आला पाहिजे, मग तो गिळायचा, त्याचं संपेपर्यंत. ह्यांचे डोळे कुठल्या शब्दावर पोचले ते मला दिसतं, तिथे मला राग यायला लागतो." मी तसं करून बघितलं. जमलं म्हणणार नाही, पण यादी वाचणं थांबलं.

प्रयोग रविवारी दुपारचा होता. अक्का पिशवीत आईची साडी घेऊन, प्रयोगाला जाते असं अण्णांना सांगून घरातून निघाल्या आणि विंगेत माझ्या स्टुलावर पॅडवरची प्रत करण्याआधीचे आपले कच्चे कागद घेऊन बसल्या. मी एकदा अडले, त्यांनी शब्द दिला, कोणाला कळलं नाही. प्रयोग बरा झाला. पडदा पडल्यावर त्यांची निघायची घाई सुरू झाली, कारण अण्णांजवळ बसलेल्या बाईला सातच्या आत जायचं होतं. मी साडी बदलली आणि तशीच त्यांना घेऊन गाडी काढली.

अण्णा खुर्चीतच होते, पॅड मांडीवर.

"झाला हो," अक्का दारातूनच म्हणाल्या. "छान झाला. टाळ्या पडल्या." यात खोटं काहीच नव्हतं.

अण्णांनी त्यांच्याकडे बघितलं. मग माझ्याकडे. खूप वेळ माझ्याकडेच. तेव्हा माझ्या लक्षात आलं. माझ्या कानशिलांवर पांढरा रंग तसाच होता, डोळ्यांखाली सुरकुत्या ओढलेल्या, गालावर मेकअपचा थर. अक्कांचा चेहरा दुपारी गेला तसाच, कुंकू आणि घाम. इतकी वर्षं प्रत्येक प्रयोगानंतर रंग पुसायला खोबरेल तेलाची वाटी घेऊन हाच माणूस उभा राहायचा.

ते पॅडचा चिमटा उघडायला लागले. एका हाताने ते सोपं नाही. अक्का पुढे झाल्या, तशी त्यांनी मान हलवली. शेवटी कागद सुटले. ते त्यांनी माझ्यापुढे धरले.

"अहो, माझे आहेत ते," अक्का म्हणाल्या. "तिला कानडी वाचायला येत नाही."

हात तसाच राहिला. मी कागद घेतले तेव्हाच तो खाली गेला. जिन्याशी मी ते अक्कांना परत देऊ लागले. "ठेव तुझ्याजवळ," त्या म्हणाल्या, आणि बाईला रिक्षा मिळाली का ते बघायला फाटकापर्यंत गेल्या.

नंतर मी दुसरं एक नाटक पाठवलं, वाचूनही दाखवलं. अक्कांनी ते उतरवलं, पॅडला लावलं, समोर बसल्या. अण्णांनी पॅड मांडीवर ठेवू दिलं. "पण डोळे हलत नाहीत गं," अक्का मला फोनवर म्हणाल्या. "एकाच जागी." काही दिवसांनी त्या वेळेला टीव्ही लागायला लागला.

यंदाच्या नाटकात अक्का आहेत. समोरच्यांची वाक्यं मी फोनवर भरून दिली आहेत, त्यावर त्या तयारी करतात. वाक्य वेळेवर येतं. दिग्दर्शक खूश आहे. तालीम संपली की बाकीचे चपला घालून निघतात, मी पंखे आणि दिवे बंद करत हॉलच्या टोकाला जाते. परत येते तेव्हा अक्का बहुतेक वेळा अजून खुर्चीतच असतात, घरी जायची घाई नसल्यासारख्या.