गाळलेली खीर

आमच्या शेजारच्या अक्का जळगावातल्या एका डाळमिलमध्ये डाळ निवडायला जात. बोलणं मोजकंच, धरणगावकडच्या अहिराणीतलं. वाक्य अर्धं झालं की पदराला हात पुसत आणि उरलेलं बोलतच नसत.

नवऱ्याच्या जबड्याचं ऑपरेशन झालं आणि त्यांना काही चावता येईना. तेव्हापासून अक्का कामावरून आल्या की मूगडाळ भाजून मऊ शिजवत, गूळ घालत, आणि एकही कण घशात अडकू नये म्हणून ती खीर फडक्यातून गाळत. एकदा मी पाहिलं, त्यांच्याही वाटीत तीच खीर होती.

"तुम्ही तरी भाकरी खा ना," मी म्हटलं.

"त्यास्ना समोर कशी खाऊ, ताई?"

वर्षभर त्या घरात तवा तापला नाही.

मग ते गेले. तेरावं झाल्यावर मी गरम भाकरी आणि वांग्याचं भरीत घेऊन गेले. अक्कांनी घास तोंडात घेतला, बराच वेळ तसाच धरला, मग हलकेच काढून ताटाच्या कडेला ठेवला.

"आते चावाले जीव करत नई," म्हणाल्या, आणि उठून डाळ भाजायला घेतली.