अकरा ते चार

लिफ्टशेजारी लावलेली नोटीस मी तीनदा वाचली. ‘घरकाम करणाऱ्या बायकांनी जिन्याचा वापर करावा. हुकमावरून.’ कात्रपमधली आमची बिल्डिंग सात मजल्यांची. वंदना वरच्या दोन मजल्यांवरची चार घरं सांभाळते, चामटोलीहून भल्या सकाळी येते आणि तिचे गुडघे कधीचे गेलेत.

गेल्याच महिन्यात मला सोसायटीचा चेअरमन केलं होतं. मी आधी उल्हासनगरच्या कॉलेजात तत्त्वज्ञान शिकवलं, मग परराष्ट्र सेवेत गेलो आणि अर्धीअधिक नोकरी मानवी हक्कांच्या समित्यांमध्ये काढली. देशादेशांची भांडणं मिटवली, तिथे एक लिफ्ट ती काय, असं वाटलं.

मीटिंग बोलावली. आमच्या धंद्यात मसुद्याच्या शब्दांना ‘लँग्वेज’ म्हणतात. दोन्ही बाजू सही करतील अशी लँग्वेज शोधायची, हीच आमची कारागिरी. सेक्रेटरी जाधव म्हणत होते, ऑफिसच्या वेळेला लिफ्टला गर्दी होते. मी बंदीऐवजी वेळ सुचवली. घरकाम करणाऱ्यांनी अकरा ते चार लिफ्ट वापरावी. कोणीच विरोध केला नाही. याला ‘कन्सेन्सस’ म्हणतात. त्यात सगळे खूश नसतात, फक्त गप्प असतात. मी सही केली आणि घरी येऊन स्वतःचीच पाठ थोपटून घेतली.

आठवड्याने वंदना दाराशी आली. वरची चारही घरं सोडते म्हणाली. आता कशाला, ठराव तर झालाय, असं मी म्हणालो.

“काका, माझी कामं अकराला उरकतात,” ती म्हणाली. “आधी वॉचमन बगून न बगल्यासारकं करायचा. आता तुमची सही दाखवतो. मला एकदा इचारायचं तरी.”

मला भयंकर लाज वाटली. करायला गेलो गणपती, झालं माकड. महिनाभर थांब, एवढंच तिला सांगितलं.

जाधवांना म्हणालो, ठराव पुन्हा उघडायचा.

“सर, मिनिट्स लिहून झाली. मंजूर झालेलं उघडायचं नाही, हे तुम्हीच सांगितलंत.”

“सांगितलं होतं. चुकलो. आता उघडायचं.”

कमिटी तयार होईना. मग खास सभा बोलावायला एक-पंचमांश सभासदांच्या सह्या लागतात. त्या गोळा करायला मी मुद्दाम जिन्याने चढलो. चौथ्या मजल्यावर पायरीवरच बसलो. एका बाईंनी पाणी दिलं आणि दया येऊन न वाचताच सही केली. तरी मी त्यांना अर्ज वाचून दाखवलाच.

सभेला वंदनाला घेऊन गेलो. ती सभासद नाही, असं जाधव म्हणाले. ते खरंच होतं. पण मोठमोठ्या परिषदांमध्येही ‘ऑब्झर्व्हर’ असतो. त्याला मत नसतं, अध्यक्षांनी परवानगी दिली तर बोलता येतं. अध्यक्ष मीच होतो.

वंदना उभी राहिली. आवाज चढवला नाही. “सातव्या माळ्यावरच्या आजींना मी रोज हाताला धरून लिफ्टनं खाली आणते. तेवा चालतं. त्यांना बाकावर बसवून भांडी घासायला वर जाते, तेवा जिना. एवढंच बोलायचं होतं.”

मग एकाने सुचवलं, वेळ जरा अलीकडे घेऊ, सर छान शब्द काढतील. मी शब्द काढले नाहीत. आयुष्यभर मतदान टाळत आलो, त्या दिवशी घेतलं. तीन मतांच्या फरकाने ठराव आणि नोटीस दोन्ही रद्द झाले. वंदना दुसऱ्या दिवशी सात वाजता लिफ्टने वर गेली. जाधव माझ्याशी अजून नीट बोलत नाहीत, आणि पुढच्या वर्षी चेअरमन मी नसणार हे नक्की.

नोकरीत मी लिहिलेले ठराव आजही कुठे कुठे लागू असतील. ज्यांच्यासाठी ते लिहिले, त्यांच्यापैकी कोणाकोणाला आधी विचारलं होतं, ते परवा आठवत बसलो. एकही नाव आठवलं नाही.