सासूबाईंची जांभळी फुलं

माझी आत्या तलावातली जलपर्णी काढते. तिच्या सासूबाईंनीच फुलांच्या हौसेपायी हे रोप दारातल्या टाकीत लावलं होतं. टाकी धुताना जास्तीची रोपं त्यांनी तलावात टाकली, आणि बघता बघता तलाव भरला.

"स्वतः सुटल्या, मला कामाला लावून गेल्या," असं पुटपुटत आत्या नावेत बसून आकड्यानं झुबके ओढते. नावेत कुणी उभं राहिलं, तर त्याची ती गय करत नाही.

काल मी सोबत होते. बेटाला वळसा घातला, तर समोर पाणीच दिसेना. या काठापासून त्या काठापर्यंत सगळं जांभळं फुललेलं. आत्याचा आकडा हातातच राहिला.

मग सासूबाई खोलीत आल्या की उठायची, तशी ती नावेत सावकाश उभी राहिली.